सहा कोनांचं घर

शनिवारी दुकानाचं शटर अर्धं ओढून
मी आणि बसलिंग खेळतो.
एकच लॅपटॉप, एकच माउस, आळीपाळीनं डाव.
झेरॉक्सचं यंत्र अजून कोमट असतं,
त्यावर पहाणीच्या अर्जांचा गठ्ठा,
दिवसभर मराठीत ऐकून कन्नडमध्ये भरलेला.
भिंतीपलीकडे वडगावचे माग, खटखट, खटखट.

पहिल्या डावाला शहर म्हणजे एक ठिपका
नि भोवती सहा कोनांची सहा घरं.
पटावरच्या खणाला आपण घर म्हणतो,
तिथं कुणी राहत नसलं तरी.

माझ्या शहराला मी नाव दिलं बेळगाव.
चहा सांगायला गेले, परत आले
तर त्यानं बेळगावी करून ठेवलेलं.
मी वेलांटी खोडली. त्यानं काढली.
मी खोडली.
नाव बदलायला डाव खर्च होत नाही ह्यात,
म्हणून चाळीस डाव आम्ही तेच केलं,
अधनंमधनं राज्यही.

त्याचं शहर संकेश्वर, आईचं माहेर.
मसाल्याची खूण दिसली की ओरडतो, मिरची, मिरची!

हद्द वाढायला तलवार लागत नाही.
देऊळ बांधा, वाचनालय बांधा, नाटकगृह,
गुण साठत राहतात थेंबाथेंबानं
आणि बाराव्या-तेराव्या डावाला
शेजारचं एखादं घर आपसूक आपल्या रंगाचं होतं.
कुठलं, ते यंत्र ठरवतं.
मला हवं होतं नदीकाठचं, भाताचं.
मिळाला उघडा माळ.
घाई असेल तर सोनं मोजायचं:
पहिलं घर पन्नासाला, पुढचं पासष्टला,
जितकं लांब तितकं महाग.
विकणारा कोण, ते पडद्यावर येत नाही.

मंगळवारी निंगोजी हलगेकर आले होते,
धोतराच्या कनवटीला उतारा, चार घड्यांचा.
म्हणाले, पोरी, शेत माझं बोटभर हललं नाही,
पण कागद सांगूलालाय मी शहरात आलो म्हणून.
आता शहरात रताळी लावली तर चालतंय काय गा?
मी हसले. मग हसू तोंडातच राहिलं.
अर्जात ‘गाव’ ह्या शब्दापुढची ओळ
मी कोरीच सोडली,
त्यांनी तिच्याखाली अंगठा नाही, सही केली,
मोठी, सावकाश, रेघेच्या बाहेर जाणारी.

साठाव्या डावाला आमच्या हद्दी भिडल्या.
त्याची पिवळी, माझी जांभळी,
मध्ये एकच घर राखाडी उरलं.
त्यानं नाटकगृह काढलं. मी दोन काढली.
त्याला सोनं पाच कमी पडलं,
मला तीन.
तो पुटपुटत हिशेब करू लागला, कन्नडमध्ये;
पाढे माणूस पहिल्या शाळेच्याच भाषेत म्हणतो.
मी पण ओठातल्या ओठात, त्रिक, चोक.

तेवढ्यात करंट गेला.

लॅपटॉपची बॅटरी कधीचीच मेलेली.
पलीकडचे माग एकदम थांबले
आणि इतकी शांतता झाली की कान दुखले.
मग गल्लीत माणसं आली, बिड्या पेटल्या,
कुणीतरी वीजखात्याला शिवी घातली,
सुरुवात मराठीत, शेवट कन्नडमध्ये,
आणि मधला शब्द कुठल्या भाषेचा
ते शिवी देणाऱ्यालाही माहीत नसावं.

उजेड आला तेव्हा खेळ चौपन्नाव्या डावावर होता.
नाटकगृहं गेली. सोनं परत आलेलं.
राखाडी घर जिथल्या तिथं.
डाव कुणाचा होता?
मी म्हणाले, तुझा.
तो म्हणाला, तुझा की.
माउसकडे हात नेला तर म्हणाला, तडी, तडी,
आणि स्वतःही धरला नाही.

शेवटी करंगळीनं मी बाण त्या घरावर ढकलला.
अक्षरं उमटली:
माळ. अन्न दोन. मालक नाही.

तिथं रताळी लाव, बसलिंग म्हणाला.

तसलं बटण ह्या खेळात नाही.
पलीकडे एक माग सुरू झाला, मग दुसरा.
आम्ही यादी वरनं खाली बघूलालो,
पुन्हा खालनं वर.